टेंभुर्णीखालचं बारसं

माळावर माणसं नव्यानं वसली, तेव्हाची गोष्ट. ऐन वैशाखात वस्तीचं बारसं ठरलं आणि झाडांमध्ये एकच धांदल उडाली! "गावाला नाव माझंच," साग छाती फुगवून म्हणाला. "माझी फुलं विसरलात?" पळस फणकारला. काळ्या, भेगाळ सालीच्या टेंभुर्णीचा जीव मात्र नुसता वरखाली होत होता. तिला कोण विचारणार?

नाव ठेवायचा मान म्हाताऱ्या भिवराआत्याचा. टेंभुर्णीच्या सावलीत बाया-पोरं जमली, तेव्हा तिनं पोरांना विचारलं, "काल त्या वाटसरूनं गाव विचारलं, तर काय सांगितलंत रे?"

टेंभरं खाऊन तोंडं पिवळी झालेली पोरं एका सुरात ओरडली, "टेंभुर्णी!"

टेंभुर्णी मुळापासून शहारली. चार पिकली टेंभरं टपटप आत्याच्या पदरात पडली.

आत्या हसली. "नाव तर कधीच ठेवून झालंय, बायांनो. आता नुसत्या घुगऱ्या वाटा!"