चतुराची कात

"पण माझ्यावर कोणाचा विश्वास काहून बसत नाई, बाबाजी?"

कौतिकाबाई मारबते कुटीच्या दारात उभी राहूनच बोलली. बस म्हटलं तरी बसली नाही.

आत मौनीबाबा फाटकी चटई शिवत होते. त्यांनी मान वर केली नाही.

गाऱ्हाणं आषाढापासूनचं होतं. मच्छीमार सोसायटीनं तळ्यात माशांचे जिरे सोडले, म्हणजे डोळ्यात जातील एवढी बारीक पिल्लं, आणि आठवड्यात निम्मे गायब. पुरुष म्हणाले, बगळे खातात. कौतिका म्हणाली, पाण्यातला तो मातकट किडा खातो. पुरुष हसले. चौथी शिकलीस तेवढं पुरे झालं, बाई, म्हणाले.

मग तिनं लोणच्याची रिकामी बरणी घेतली. एक किडा, वीस जिरे. सोसायटीच्या ओट्यावर ठेवली आणि हसणाऱ्यांनाच समोर बसवलं. किडा बराच वेळ हलला नाही. मग त्याचा खालचा ओठ हातासारखा सपकन पुढे आला आणि एक जिरा आत गेला. संध्याकाळपर्यंत बरणीत किडाच उरला.

कौतिका खरी ठरली. आणि खरी ठरल्यावर ती कुणाच्या बापाला ऐकते! महिनाभर बारीक जाळी घेऊन ती कमरेएवढ्या पाण्यात. लहान तळं झालं, मोठं तळं झालं, विहिरीजवळचं डबकंही तिनं सोडलं नाही. टोपल्या भरभरून किडे काढले आणि खडकावर वाळत घातले.

मासा भरपूर झाला. आश्विनात घरोघर ताप आला. तिच्या मुलाची, हेमराजची, सव्वा वर्षाची पोर त्या तापात गेली.

हेमराज बायकोला घेऊन सासुरवाडीला निघून गेला. जाताना म्हणाला, एवढे मच्छर या गावात कधी नव्हते. चूक कोणाची ते नाव घेऊन सांग, तेव्हा येईन.

तिनं नावं सांगितली. फवारणीवाला आला नाही. सोसायटीच्या अध्यक्षानं नाली उपसली नाही. शेवटी तर सुनेचंच नाव घेतलं, मच्छरदाणी फाटकी ठेवली म्हणून. प्रत्येक वेळी हेमराजनं फोन ठेवून दिला.

"मी खोटं बोलत नाई," कौतिका म्हणाली. "माझा पोरगा घरी आला पाहिजे. बस."

बाबांनी सुई चटईत खोचली. कुडाच्या फटीत बोट घालून काहीतरी काढलं आणि तिच्या तळहातावर ठेवलं.

वाळलेलं. पापुद्र्यासारखं हलकं. सहाही पाय आकसलेले.

"ओळखतेस?"

"हाच तो मेला. तुमच्या कुडात कसा आला?"

"दोन वर्षांपूर्वी चढून आला. पाठ बघ त्याची."

पाठीवर उभी चीर होती. आत कोणी नव्हतं.

"आतला कुठं गेला?"

बाबांनी हात वर केला. अख्खा पंजा, छपराच्या पलीकडे.

कौतिकानं मागं वळून आभाळाकडे पाहिलं. आभाळ मोकळं होतं.

"चतुर…?"

"पाण्यात असतो तवर तुझे जिरे खातो, आणि मच्छरांच्या अळ्याही. मग एका सकाळी काडी धरून वर येतो, पाठ फुटते, पंख वाळवतो. पुढं उडते मच्छर खातो. यंदा एखादा दिसला तुले?"

ती आठवू लागली. धान कापणीला आलं की दरसाल कपड्यांच्या दोरीवर रांगेनं बसायचे. यंदा ती रोज त्याच दोरीवर कपडे वाळत घालत होती. नातीला दाखवायला एकही नव्हता, आणि ते तिच्या ध्यानातही आलं नव्हतं.

ती उंबऱ्यावर बसली.

"एवढ्याशा किड्यानं ताप थांबतो का, बाबाजी?"

"सगळा नाई. थोडा थांबला असता." बाबा थांबले. "त्या थोड्यात तुझी नात होती का, ते मले माहीत नाई."

"…मग नाव माझंच."

"जाळी घ्यायच्या आधी तू कोणाकडं गेली होतीस?"

"तुमच्याकडं. चातुर्मासाचं मौन होतं तुमचं. मी बरणी पुढं धरली. सगळे काढू का म्हणून विचारलं. तुम्ही असाच हात वर केला."

"तू काय समजलीस?"

"आशीर्वाद."



"चतुर दाखवत होतो मी," बाबा म्हणाले. "तुझ्या डोक्यावरच उडत होते. दहा-बारा."

"मग चातुर्मास संपल्यावर सांगायचं होतं, जी."

"तवर तुझे किडे वाळून भुगा झाले होते. तू पाया पडून गेलीस तेव्हाच मले समजलं, तू उलटं समजलीस. महिनाभर तुझी टोपली या दारावरून गेली. रोज पाहत होतो. एक शब्द लागत होता… मौनाचं बारावं वर्ष होतं. एकदाही मोडलं नव्हतं."

कौतिकाच्या डोळ्यांत पाणी आलं, पण आवाज तसाच राहिला.

"मौन एवढं लाडकं होतं तर मले दगड मारायचा होता, बाबाजी. मी थांबली असती."

"हो."

"आणि मी? माझ्या हातानं काढले मी."

"तू विचारलं होतंस."

बाहेर तळ्यावर वारा आला. बाबांनी तिच्या हातातली कात उचलली नाही. चटईही पुन्हा हातात घेतली नाही.

"हेमराजले फोन लाव," ते म्हणाले. "मौनीबाबा म्हणू नको, ते लोकांनी ठेवलं. माझ्या मायनं ठेवलेलं नाव सांग. बकाराम डोमाजी केवट."