रांगोळी न काढलेली बाग

सहलींच्या बसगाड्या सुरू झाल्या, त्या काळची गोष्ट. जपानातल्या एका झेन मंदिराच्या वाळूच्या बागेत नेहमीसारखीच सकाळ होती आणि म्हातारा माळी गेल्याची बातमी आली.

"पाहुणे येतील! वाळूवर रोजच्या नक्षीदार रेघा कोण ओढणार?" त्याचं दाताळं रडवेलं झालं.

"मी आहे की," म्हणत मंदिरातला बोका वाळूत हिंडला.

नाशिकची सहल आली. टूर मॅनेजरने बोक्याची पावलं दाखवली. "हेच ते झेनमधलं शून्य! पटापट फोटो काढा."

"बघ, गुरू झालो मी," बोका म्हणाला.

इतक्यात सहलीतल्या प्रमिलाकाकूंनी हळूच विचारलं, "जाहिरातीतल्या फोटोत इथं रांगोळी होती. आज काढली नाही. कुणी गेलंय का हो?"

बोका वाळूतून बाहेर आला. भिक्षू दाताळं उचलायला आला, तसं ते म्हणालं, "आज नको, महाराज."

त्या दिवशी रेघा ओढायच्या राहिल्या.