खडकाई खाली उतरली

“आणि मंत्र मध्येच विसरलो तर?”

“थांबायचं. आठवला की पुढं म्हणायचं.”

“आणि बाराची वेळ चुकली तर?”

शिदोबा गुरवांचं लक्ष दुसरीकडेच होतं. ते बाहेर कान लावून बसले होते.

खडकाईच्या डोंगरावर चैत्री पुनवेची जत्रा भरली होती. दुपारी बाराची महापूजा इतकी वर्षं शिदोबाच करत आले होते. आज पहिल्यांदा ती त्यांचा शिष्य काशिनाथ करणार होता. तीन वर्षं त्यानं सगळं घोटून घेतलं होतं. कुठलं फूल आधी, कुंकू कुठल्या बोटानं... आणि एक नियम तर अभिमानानं सांगायचा: आमच्या देवीचा चांदीचा मुखवटा उंबऱ्याबाहेर जात नाही. इतर देवळांतले पुजारी मुखवटे मिरवत नेतात, याचं त्याला हसू यायचं.

आज मात्र सकाळपासून तो शंकाच विचारत होता.

“बाबा, वेळ चुकली तर देवी...”

“गप. ऐक.”

काशिनाथनं ऐकलं. “काहीच ऐकू येत नाही.”

“तेच म्हणतोय.”

मघापर्यंत पायऱ्यांवरून एकसारखा ‘चांगभलं’चा गजर येत होता. आता तो थांबला होता.

“लोक दमले असतील.”

“दमलेला माणूस खाली बसतो. बसायला जागा आहे का, बघून ये.”

काशिनाथ दारात गेला आणि जागीच थिजला.

तीनशे पायऱ्यांवर माणसं उभी नव्हती, एकमेकांत रुतली होती. वरच्या कमानीत एक बाई तोंड आभाळाकडे करून श्वास ओढत होती. तिचे पाय जमिनीला टेकत नव्हते. ओरडायलाही कुणाच्या छातीत हवा उरली नव्हती. आणि बाराची पूजा गाठायची म्हणून खालचे लोक अजून रेटतच होते. त्यांना वरचं दिसत नव्हतं.

डोक्यांवरून हातोहात एक तान्हं मूल पुढं आलं. काशिनाथनं ते झेललं, आत पळत आला आणि शिदोबांच्या मांडीवर ठेवलं.

“बाबा, दार लावू?”

“लावलंस तर पुढचे दारावर चेंगरतील.”

“मग काय करायचं?”

“खालच्यांनी मागं फिरायला हवं.”

“कोण फिरेल? सगळे हिलाच बघायला आलेत!”

शिदोबांनी गाभाऱ्याकडे पाहिलं. मग त्याच्याकडे.

“उचल.”

काशिनाथला आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा तो एक पाऊल मागं सरला.

“बाबा... मुखवटा उंबरा...”

“ओलांड. मागच्या दारानं शेळ्यांच्या वाटेनं उतर आणि पायथ्याच्या माळावर, गर्दीच्या मागं उभा राहा. माझे गुडघे धड असते तर तुला सांगितलं नसतं.”

“पण तुम्हीच शिकवलंत ना!”

“मीच शिकवलं. उचल.”

शेळ्यांची वाट म्हणजे नुसती घसरण. काशिनाथ दोनदा पडला. मुखवटा छातीशी धरलेला, त्यामुळे कोपरं सोलून निघाली. माळावर पोचल्यावर त्यानं तो डोक्यावर उंच धरला.

कुणी पाहिलंच नाही. सगळ्यांच्या पाठी त्याच्याकडे होत्या.

“खडकाईच्या...” धापेनं शब्द तुटला. त्यानं छातीभर श्वास घेतला. “खडकाईच्या नावानं चांगभलं!”

बांगड्यांच्या दुकानातली कासारीण वळली. तिच्या हातातली बांगडी गळून पडली.

“अगं बया! आई खाली आली! अगं, आई खाली आली!”

एक वळला. दहा वळले. मग गर्दीचं शेपूटच सुटलं आणि माळावर सांडलं. लोक आपल्यालाच तुडवतील, अशी काशिनाथला भीती वाटत होती. तरी तो मागं मागं चालत राहिला, गर्दीला पायऱ्यांपासून लांब नेत राहिला. मुखवट्यावर हात पडत होते. कुंकवानं माखलेले, धुळीचे, घामेजलेले, कुणाकुणाचे. तो कुणालाच अडवत नव्हता. रडत होता.

बऱ्याच वेळानं डोंगरावरून ‘चांगभलं’ ऐकू आलं. आधी एकच आवाज. मग पुष्कळ.

पाचसहा जणांना लागलं, एका म्हाताऱ्याचा हात मोडला. जीव कुणाचा गेला नाही.

उन्हं कलल्यावर काशिनाथ मुखवटा घेऊन वर आला. खांबाशी एक बाई त्या तान्ह्याला पदराखाली घेऊन बसली होती. शिदोबा समईची वात सारत होते.

त्यानं मुखवटा जागेवर ठेवला.

“बाराची पूजा तुम्ही केलीत ना?”

“नाही. पोर रडत होतं.”

काशिनाथ मटकन खाली बसला.

“पूजा चुकली. नियम मोडला. शेकडो हात लागले... बाबा, देवी कोपली असेल. मला प्रायश्चित्त सांगा.”

शिदोबांनी समईत तेल ओतलं.

“उतरताना देवी जड लागली?”

“नाही. तेव्हा हातात काही आहे, हेच जाणवलं नाही.”

“आणि चढताना?”

“फार जड, बाबा. दहा पायऱ्या झाल्या की थांबावं लागत होतं.”

शिदोबांनी वर पाहिलं.

“तिला वर यायचंच नव्हतं. मग आणलीस कशाला?”