ठाव न घेतलेला उतार

ही फार फार जुनी गोष्ट आहे बरं का. किती जुनी, कुठल्या राज्यातली, असलं काही विचारू नका. मला ते कुणी सांगितलं नाही, आणि सांगितलं असतं तरी मी विसरलो असतो. एक राज्य होतं, राज्याच्या कडेने एक नदी वाहत होती आणि नदीकाठी राजाचं लष्कर राहत होतं. एवढं आपल्याला पुरे.

त्या लष्कराच्या दोन रीती होत्या. त्या नीट ऐकून ठेवा, नाहीतर मग मध्येच विचाराल.

पहिली रीत नदीची. नदी ओलांडायची जी उथळ जागा असते, तिला उतार म्हणतात. लष्कर उताराशी आलं, की आधी एका शिपायाच्या कमरेला दोर बांधायचा, हातात लांब बांबू द्यायचा आणि त्याने पाण्याचा ठाव घ्यायचा. ठाव लागला तरच बाकीच्यांनी पाय टाकायचा. आणि एकदा का लष्कर पार झालं, की तो उतार सगळ्यांना खुला. गाडीवान असो, वाणी असो, लग्नाचं वऱ्हाड असो, पुन्हा ठाव घ्यायच्या भानगडीत कुणी पडत नसे. लष्कर गेलंय ना? मग झालं तर!

दुसरी रीत दुःखाची. शिपाई कामी आला, तर त्याच्या घरी निरोप घेऊन जासूद जात नसे. ज्याने हुकूम दिला, त्यानेच जायचं. बोडक्या डोक्याने उंबऱ्याबाहेर उभं राहायचं आणि घरची माणसं जे विचारतील त्याचं खरं उत्तर द्यायचं. फार जाचक रीत. पण ज्याने कुणी ती घातली होती, त्याला माणसं कळत होती, असं आपलं माझं मत. उद्या त्या दारात उभं राहायचंय हे ठाऊक असलं, की हुकूम देण्याआधी माणूस जरा विचार करतो.

तर त्या लष्करात हैबती नावाचा एक सरदार होता. शूर होता, उमदा होता, शिपायांच्या पंगतीला बसून जेवणारा होता. दोष म्हणाल तर एकच. त्याला घाई फार. आणि त्या वर्षी घाईला कारणही मिळालं. जुने सेनापती थकले होते. नदीपलीकडे लुटारूंच्या टोळीने गावं जाळायला सुरुवात केली, तेव्हा राजा म्हणाला, "ह्या टोळीचा जो बंदोबस्त करील, तो पुढचा सेनापती."

दोन सरदार दोन वाटांनी निघाले. हैबती त्यातला एक.

पावसाळा नुकताच सरला होता. हैबतीची माणसं नदीवर आली. पाणी संथ, नितळ, बघायला घोटाभर. पुढच्या रांगेत नागू नावाचा एक शिपाई होता. त्याने पाण्याकडे बघितलं, खाली बसून वाळू हातात घेतली आणि म्हणाला, "सरदार, ठाव घेऊ का? पुराने वाळू हललेली दिसतेय."

"अरे, मिसरूडही फुटलं नव्हतं तेव्हापासून मी ह्या उताराने जातोय!" हैबती हसला. "तू ठाव घेत बस, आणि तोवर तिकडच्या सरदाराला टोळी बांधून दरबारात नेऊ दे. चल, उतर!"

नागूने दुसऱ्यांदा विचारलं नाही. हुकूम तो हुकूम. तो उतरला, त्याच्यामागे त्याची रांग उतरली. सगळ्यांच्या पाठीला ढाली, कमरेला तलवारी. थोडं अंतर पाणी गुडघ्याखालीच राहिलं आणि मग एकाएकी पायाखाली काही राहिलंच नाही. पुराने तिथे डोह कोरून ठेवला होता. मागचा पुढच्याला ओढायला गेला, तोही गेला. सगळी रांग गेली. एकसुद्धा वर आला नाही हो!

हैबती काठावर दगडासारखा उभा राहिला. मग भानावर येऊन त्याने उरलेल्यांना वरच्या अंगाला नेलं, तिथे ठाव घेतला, नदी ओलांडली आणि टोळीवर असा तुटून पडला, की संध्याकाळच्या आत टोळी मोडली. जिंकला. ढोल वाजले, गुलाल उधळला गेला. त्या गुलालात उभा असलेला हैबती मात्र कुणाच्या डोळ्याला डोळा भिडवत नव्हता.

लष्कराबरोबर एक कारभारी असायचा. गोड बोलणारा, शहाणा, आणि खरं सांगायचं तर मनाने काही वाईट नव्हता. असल्या माणसांपासूनच जास्त जपून राहावं लागतं. तो हैबतीला बाजूला घेऊन म्हणाला, "सरदार, एक सुचवू? ती माणसं लढाईत पडली म्हणा. लढाईत पडलेल्याच्या नावाने गावात वीरदगड उभा राहतो. बुडालेल्याला काय मिळतं? त्यांच्या आयांना निदान तेवढा आधार तरी द्या. कुणाचं नुकसान आहे ह्यात?"

"शिपायांनी पाहिलंय."

"शिपाई बोलायचे नाहीत. मेलेल्या सोबत्याला दगड मिळतोय, तर कोण तोंड उघडेल?"

आणि खरंच, कुणी उघडलं नाही.

आता तुम्ही म्हणाल, हैबतीने सेनापतिपदासाठी हे केलं. केलं, पण नुसतं तेवढ्यासाठी नाही. आयांची दया त्यालाही आली होती. दया आणि स्वार्थ एका वाटेने चालायला लागले, की माणसाला आपण कुणाच्या मागे चाललोय ते कळत नाही. त्याने पगडी काढली आणि तो नागूच्या गावी गेला.

नागूची आई तान्हाई दारातच बसली होती. विजयाची बातमी आणि पोराची बातमी तिच्या कानावर एकदमच आली होती. आयाबाया जमल्या होत्या.

"लढताना पडला ना?" तान्हाईने विचारलं.

"होय, आई."

"जखम पाठीवर नव्हती ना?"

"छातीवर होती."

तान्हाईने पदर डोळ्यांना लावला. मग मान ताठ करून बायांकडे बघत म्हणाली, "ऐकलंत? छातीवर होती." आणि हैबतीला म्हणाली, "सरदार, तुम्ही स्वतः आलात, फार बरं वाटलं. माझा धाकटा भानू घरी असता तर तुमच्या पाया पडला असता. पण पलीकडच्या नव्या चौकीला धान्य पोचवायचंय ना, गावच्या गाड्या घेऊन तो सकाळीच निघाला. दादा ज्या उताराने लढाईला गेला, त्याच उताराने मी जाणार म्हणाला. सगळे गाडीवान तेच म्हणाले. विजयाचा उतार म्हणतात आता त्याला."

हैबती एक पाऊल पुढे आला.

"ठाव... ठाव घेतील ना ते?"

"आता कशाला ठाव?" तान्हाईला नवलच वाटलं. "तुमचं लष्कर गेलंय ना तिथून!"

हैबती तसाच वळला आणि त्याने घोड्यावर उडी घेतली. बाया बघतच राहिल्या. घरच्यांनी जायला सांगितल्याशिवाय उंबऱ्यावरून कुणी असं निघत नसे. पण त्याला आता रीतभात कुठली सुचायला?

तो नदीवर पोचला तेव्हा काठाला जत्रा भरल्यासारखी गर्दी होती. गाड्यांना आंब्याचे डहाळे बांधले होते. कुणी नारळ फोडत होतं, कुणी उताराच्या पाण्याला हळदकुंकू वाहत होतं. सगळ्यात पुढची गाडी भानूची. तिच्यावर पोती, पोत्यांवर तीनचार माणसं. बैलांचे पुढचे खूर पाण्यात होते.

"थांबा!" हैबती ओरडला. "गाडी मागे घ्या! पाणी वाढलंय!"

बघा, तोंडातून अजूनही खोटंच निघालं. एकदा सवय लागली की असं होतं.

"कुठे वाढलंय, सरदार?" एक म्हातारा गाडीवान हसून म्हणाला. "घोटाभर तर आहे. तुम्ही अख्खं लष्कर नेलंत इथून, आणि आम्हाला घाबरवता होय?" सगळे हसले. भानूने आसूड उचलला.

शिपायांची एक तुकडी गाड्यांच्या राखणीला होती. तेच शिपाई. ते मान खाली घालून उभे होते आणि हैबती काय बोलतो त्याची वाट बघत होते.

हैबती घोड्यावरून उतरला आणि बैलांच्या पुढ्यात जाऊन उभा राहिला. "लष्कर इथून गेलं नाही," तो म्हणाला. "लष्कर वरच्या अंगाने गेलं. इथे डोह आहे. नागू इथे बुडाला, त्याची सगळी रांग इथे बुडाली. लढाईत कुणी पडलं नाही. मी ठाव घेऊ दिला नाही, आणि मी खोटं बोललो."

हळदकुंकू वाहणारे हात तसेच राहिले. भानूने आसूड हळूच खाली ठेवला. म्हाताऱ्या गाडीवानाने एक बांबू घेतला, काठावरून थोडं पुढे होऊन पाण्यात घातला. बांबू जात राहिला, जात राहिला, आणि हातातून सुटून गेला. कुणीतरी मोठ्याने रडायला लागलं. मग भानू गाडीवरून उतरला आणि बैलांना मागे ढकलू लागला.

बातमी राजाकडे जायला वेळ लागला नाही. दरबार भरला. राजाने सगळं ऐकून घेतलं.

"हैबती," राजा म्हणाला, "ठाव घेतला नाहीस, ती चूक. तिच्यापायी तुला सेनापती केलं नसतं, पण सरदार म्हणून ठेवलं असतं. चुका माझ्याही हातून होतात. पण तू उंबऱ्यावर खोटं बोललास. माझी प्रजा माझ्या लष्कराच्या पावलांवर डोळे मिटून पाऊल टाकते. तुझ्या एका खोट्याने आज गाड्या भरभरून माणसं डोहात चालली होती. तुझी सरदारकी मी काढून घेतो."

हैबतीने तलवार समोर ठेवली.

कारभारी हळूच खाकरला. "महाराज, मग वीरदगडांचं काय? बुडालेल्यांना दगड द्यायची रीत नाही."

"महाराज," हैबती पहिल्यांदाच मान वर करून बोलला, "माझं काय व्हायचं ते होवो. पण ते हुकमाने उतरले. चूक हुकमात होती, त्यांच्या पावलांत नव्हती."

राजाने समोर ठेवलेल्या तलवारीकडे बघितलं. मग म्हणाला, "दगड उभे राहतील. आणि कारभारी, पाथरवट कामाला लागले की त्यांच्या हाताखाली दगड उचलायला तुम्ही जा. हैबती, तू पुन्हा त्या सगळ्या घरी जा. ह्या वेळी नीट जा."

हैबती आधी तान्हाईकडे गेला. ह्या वेळी दारात बाया नव्हत्या. तान्हाई एकटीच होती. तिला सगळं कळलेलं होतं, पण तिने काही दाखवलं नाही. तो उंबऱ्याबाहेर उभा राहिला.

"कसा गेला?" तिने विचारलं.

"बुडून गेला. माझ्या हुकमाने."

"हाक मारली त्याने?"

"नाही, आई. वेळच मिळाला नाही."

"उतरायच्या आधी काही बोलला?"

ह्या प्रश्नाला हैबती सगळ्यात जास्त भीत होता. पण रीत ती रीत. "ठाव घेऊ का, असं विचारलं त्याने. पुराने वाळू हललेली दिसतेय म्हणाला. मी त्याला हसलो आणि उतर म्हटलं."

तान्हाई उठून उभी राहिली.

"म्हणजे त्याला कळलं होतं?"

"त्याला कळलं होतं. मला नाही."

"आणि तरी तो उतरला?"

"उतरला."

"मेल्या," तान्हाई म्हणाली, आणि तिचा आवाज फाटला, "छातीवरच्या जखमेसाठी मी गावभर मान ताठ करून रडले! ती जखम माझ्या पोराची नव्हतीच. त्याचं जे होतं ते तू मला सांगितलंच नाहीस. माझ्या नागूला पाणी कळत होतं. त्याने वेळेवर विचारलं. सोबत्यांची काळजी केली. चांगला शिपाई होता तो! नुसता शूर नव्हता रे, चांगला होता. आणि तू दया म्हणून तेच माझ्यापासून चोरलंस?"

हैबतीला रडू आवरलं नाही. तान्हाईने त्याला रडू दिलं. त्याची समजूत घातली नाही, त्याला शापही दिला नाही. मग पदराने स्वतःचं तोंड पुसत ती म्हणाली, "जा आता. अजून घरं राहिलीत."

तो प्रत्येक घरी गेला. एका घराने दार लावून घेतलं, एका बापाने त्याच्या अंगावर हात टाकला, एका बायकोने पुन्हा पुन्हा तेच विचारलं आणि त्याने पुन्हा पुन्हा तेच खरं सांगितलं. पुढे तो त्याच लष्करात साधा शिपाई म्हणून राहिला आणि म्हातारा होईपर्यंत दुसऱ्यांचे हुकूम पाळत राहिला. सेनापती कोण झाला, ते मला ठाऊक नाही. पण त्या राज्यातले लोक लष्कर गेलेल्या वाटेने अजूनही निर्धास्त जातात म्हणे.

म्हणून लहानांनी आणि थोरांनी एवढं लक्षात ठेवावं: ज्याच्या हाती हुकूम आहे, त्याने आपली चूक मेलेल्या शिपायाच्या शौर्याखाली कधी झाकू नये.