रोज वाजणारं तपेलं

शपथेवर सांगतो, ही गोष्ट अक्षरन् अक्षर खरी आहे. मी स्वतः तिथं हजर होतो. म्हणजे गोष्ट माझ्या पणजोबांच्याही आधीची आहे, पण त्यानं काय बिघडतं?

एका गावात तांबटांची एक आळी होती. कोंबडा आरवायच्या आत तिथं हातोड्या सुरू व्हायच्या. सपाट पत्र्याला पोट यायचं, पोटावर गळा यायचा, आणि संध्याकाळपर्यंत हंडे, कळश्या, घंगाळं ओसरीवर रांगेनं येऊन बसायची. आवाज इतका, की आळीत वाढलेली माणसं झोपेतसुद्धा मोठ्यानं बोलत.

या आळीचा एक रिवाज होता. ज्या घरातली हातोडी थांबली, त्या घरी शेजाऱ्यांनी आपापली हातोडी घेऊन जायचं, तिथं अर्धवट राहिलेली भांडी पुरी करायची आणि विकून आलेले पैसे त्याच घरात ठेवायचे. काय झालं, किती लागले, परत कधी देणार, असलं काही विचारायचं नाही.

यात सगळ्यांच्या पुढे असायचा तो शेवटच्या घरातला तांबट. कुणाची हातोडी थांबली, की हा समोरचं ताट सरकवून उठे. "अहो, हात तरी धुवा," असं बायको म्हणेपर्यंत हा शेजारच्या ओसरीवर पोचलेला. त्याला त्याचा अभिमान होता. का नसावा?

मग एके वर्षी त्याच्याच बायकोला आजारानं धरलं. बैलगाडीत घालून त्यानं तिला नदीपलीकडच्या राजवैद्यांच्या दवाखान्यात नेलं. आळीत मात्र सांगितलं, की ती माहेरी गेली आहे.

दवाखान्यात एका दारामागे दुसरं दार होतं आणि प्रत्येक दाराशी एक पेटी. नाडी बघायचे पैसे वेगळे, बघितलेली नाडी सांगायचे वेगळे, काढा उकळायचे वेगळे, आणि तो निवेपर्यंत ज्या बाकावर बसायचं त्या बाकाचेही वेगळे. औषध मात्र गुणाचं होतं. बायकोच्या तोंडावर रंग येऊ लागला आणि तांबटाच्या घराचा रंग उडू लागला. आधी तयार हंडे गेले, मग तांब्याचे पत्रे, मग पाटल्या. दवाखान्याच्या पायरीशीच एक सावकार छत्री लावून बसलेला असे. शेवटी त्याच्याकडे घर गहाण पडलं.

आता घरात ठोकायला तांबं उरलं नव्हतं. पण हातोडी थांबली, तर आळी दारात येणार. जन्मभर दुसऱ्यांच्या घरी धावून गेलेला माणूस तो, त्याच्याच घरी लोक आले तर तोंड कुठं लपवायचं? म्हणून त्यानं स्वयंपाकघरातलं उरलंसुरलं एक तपेलं ऐरणीवर घेतलं आणि रोज तेच ठोकत बसला.

समोरच्या ओसरीवर एक म्हातारी तांबटीण बसायची. डोळे गेले होते, कान जागेवर होते. या घरातला आवाज दिवसेंदिवस चिरका होत चालला होता. नवं भांडं असं वाजत नाही, हे तिला कळत होतं. तिनं दोनदा हटकलंही, पण नाजूक काम घेतलंय म्हणून तांबटानं वेळ मारून नेली. नाजूक तर खरंच झालं होतं. तपेलं इतकं पातळ झालं, की आत दिवा ठेवला असता तर कंदील म्हणून वापरता आलं असतं. आणि एके सकाळी हातोडी त्यातून आरपार गेली.

हातोडी थांबली.

नेमका त्याच सकाळी राजवैद्यांचा निरोप आला होता, की बायको बरी झाली आहे, राहिलेले पैसे भरा आणि घेऊन जा. घरात विकण्याजोगी एक ऐरण तेवढी होती. ऐरण गेली, की तांबट कसला तांबट? पण बायकोपुढे ऐरणीचं काय? त्यानं ती खांद्यावर घेतली आणि दार उघडलं.

समोर अख्खी आळी उभी होती. प्रत्येकाच्या हातात हातोडी. पुढे म्हातारी. तिनं हात पुढे करून त्याच्या खांद्यावरची ऐरण चाचपली.

"कुठं निघालास ऐरण घेऊन?"

"कुठं नाही, मावशी. जरा उन्हात ठेवतोय."

"का रे, पापड आहे का तो?"

मागून कुणीतरी फिसकन हसलं. तांबट मात्र हसला नाही. "मावशी, मला काही नको. मी आजवर कुणाचं घेतलेलं नाही."

"माझा मुलगा अंथरुणाला खिळला होता, तेव्हा पावसाळाभर तू माझ्या ओसरीवर ठोकत होतास," म्हातारी म्हणाली. "आम्ही घेतलं. ती भीक होती का?"

"असं कसं म्हणेन मी?"

"मग आज काय म्हणतोयस?"

तांबट आत वळला, ऐरण होती तिथं ठेवली आणि बायको कुठं आहे, घर कुठं अडकलंय, ते सगळं सांगून टाकलं.

त्यानंतर जे झालं ते आसपासच्या गावांना ऐकू गेलं. प्रत्येक घरातून पत्रा आला, सगळ्या हातोड्या एका अंगणात पडू लागल्या, आणि असं घंगाळ उभं राहिलं, की राजाचा हत्ती त्यात मांडी घालून अंघोळ करील. राजानं ते लगेच विकत घेतलं. घर सुटलं. मग सगळी आळी हातोड्या वाजवत दवाखान्यात गेली. ते बघून राजवैद्यांना पाझर फुटला आणि त्यांनी शेवटचं दार फुकट उघडलं. बायको आपल्या पायांनी चालत बाहेर आली. घरी पोचल्यावर तिनं पहिला प्रश्न विचारला, "माझं तपेलं कुठं गेलं?"

ते तपेलं पुढे आळीच्या तोंडाशी टांगलं गेलं. परगावचा कुणी भोकाकडे बोट दाखवून हसला, तर आळीतली लहान पोरंही छाती काढून सांगत, "आमच्याकडे आजार आला होता. पण ऐरण गेली नाही."

आता एक कबूल करतो. हत्तीच्या घंगाळावर तुमचा विश्वास बसला नसेल, पण ते खरं आहे. राजवैद्यांना पाझर फुटला, तेवढं मी पदरचं घातलं. त्यांनी शेवटच्या दाराचेही पुरते पैसे मोजून घेतले. ते आळीनं भरले.

तात्पर्य, घ्यायचं असेल तर हे: वैद्याला पाझर फुटायची वाट बघू नये, आणि शेजारी दाराशी आले तर ऐरण उन्हात ठेवतोय असं सांगू नये.