घड्याळजीची टोपी

"पडद्यावर आता माझं एकट्याचं नाव जाईल ना, बाची?" गेल्लेर्टने विचारलं.

ओडन बाची टोपी झटकत राहिले.

बुडापेस्टकडे वडीलधाऱ्याला बाची म्हणतात, आपण काका म्हणतो तसं. या काकांनी पन्नासेक चित्रपटांचे सेट उभारले होते. त्यातल्या निम्म्यांत स्वतः कामंही केली होती, कधी पाद्र्याचं, कधी पोस्टमनचं, एकदा तर प्रेताचं. प्रेताचं काम लोकांना फार आवडलं म्हणे.

गेल्लेर्ट नऊ वर्षं त्यांच्या हाताखाली होता. नऊही वर्षं पडद्यावर नाव बाचींचं. हा सेट मात्र पठ्ठ्याने एकट्याने उभारला होता. म्हाताऱ्या घड्याळजीचं घर. भिंतीवर धुराचा पिवळेपणा यावा म्हणून अकरा दिवस चहाचं पाणी बोळ्याने लावत बसला होता. आता येईल तो भिंतीपुढे उभा राहून तोंडात बोटं घालत होता. गेल्लेर्टचे पाय काही जमिनीवर नव्हते. का असावेत?

"आधी सेट तर बघा," तो म्हणाला.

"बघू की. पण घड्याळजीचं काम मी करतोय ना? आधी घरी तर येऊ दे."

बाची दाराबाहेर गेले. आत आले. न बघताच उजवीकडे हात नेऊन टोपी अडकवली.

टोपी जमिनीवर.

"खुंटी खिडकीपाशी आहे, बाची. तिथे उजेड छान पडतो."

"हो का..."

बाची पुन्हा बाहेर गेले. पुन्हा आत आले. टोपी पुन्हा जमिनीवर.

"अहो, खिडकीपाशी म्हटलं ना."

"चाळीस वर्षं या घरात राहतोय रे हा म्हातारा. त्याला कोण सांगायला जाणार?"

गेल्लेर्ट भिंतीकडे बघत राहिला. दाराशेजारचा तुकडा सगळ्यात देखणा उतरला होता. तिथे ठोकाठोकी म्हणजे पोटच्या पोरावर हात उगारणं.

त्याने खिडकीजवळची खुंटी उपटली. हातोडी घेतली. दाराशी पहिल्याच घावाला रंगाचा मोठा पोपडा सुटला. तरी त्याने खुंटी पक्की ठोकली.

तिसऱ्या वेळी टोपी राहिली.

बाची खुर्चीत टेकले आणि बूट काढू लागले. तेवढ्यात निर्मात्याच्या ऑफिसातली मार्गित कागद घेऊन आली.

"सेटसाठी नाव कुणाचं घालू?"

"गेल्लेर्टचं. एकट्याचं."

गेल्लेर्टचा ऊर भरून आला. डोळेही. तरी मन मानेना.

"पण बाची... तुम्ही सेट पाहिलाच नाहीत."

बाचींनी दुसरा बूट काढला, पाय लांब केले.

"कुठला सेट?"