घरानं दिली साक्ष

त्रिंबकशेटनं भर दरबारात बेलभंडारा उचलला अन् शपथेवर सांगितलं, "महाराज, त्या घरात मी स्वतः राहतो. ही बाई पाहुणी म्हणून आली, आता हलायचं नाव घेत नाही."

जीभ झडली नाही मेल्याची! घर त्याच्या मालकीचं, हे खरं. पण राहायची ती सगुणा, पत्रावळी लावून पोट भरणारी, अन् तिची आंधळी सासू. शेटला ते घर द्यायचं होतं तंबाखूच्या व्यापाऱ्याला, चढ्या भाड्यानं. राज्याचा कायदा असा, की नांदत्या भाडेकरणीला उठवायचं नाही. म्हणून शेटनं तिला भाडेकरीणच ठेवली नाही, पाहुणी करून टाकली.

राजाची जेवायची वेळ टळली होती. "काय गं, घर कुणाचं?"

"शेटचं, महाराज."

दरबार खदखदला. "अगं, मग भांडतेस कशाला?"

"घर त्यांचं, चूल माझी. भाडं देऊन राहते. सासूला डोळे नाहीत, तिला जगात तेवढं एकच घर दिसतं."

"साक्षीला कोण?"

"सगळी आळी शेटची भाडेकरू, महाराज. सकाळपासून सगळ्यांचेच घसे बसलेत."

राजा वैतागला. "मग उद्या त्या घरालाच आण इथं साक्षीला. नाहीतर गाठोडं उचल अन् चालू लाग."

शेट तर मांडीवर थापा मारून हसला. सगुणानं पदर सारखा केला.

"आणलं असतं, महाराज. पण घर फार म्हातारं झालंय, त्याला चालवत नाही. अंथरुणाला खिळलेल्या साक्षीदाराकडं तुमचा दरबारच जातो ना? गेल्या साली देशमुखांच्या आजोबांकडं गेला होता."

राजानं कारभाऱ्याकडं बघितलं. कारभारी खाली बघत म्हणाला, "वहिवाट आहे खरी."

झालं! दुसऱ्या दिवशी भर उन्हात दरबार सगुणाच्या ओटीवर. सगुणा आपली कोपऱ्यात हात जोडून उभी.

"शेट, मी पडले पाहुणी, मी कशाला पुढं पुढं करू? तुम्ही घरधनी. महाराजांना आतून गार पाणी आणा की."

शेट पगडी सावरत लगबगीनं आत निघाला. उन्हातून आलेला माणूस, आत काळोख, अन् माजघराची चौकट जेमतेम भुवईएवढी. ठण्ण! शेट कपाळ धरून खालीच बसला.

आतून सासूचा आवाज आला, "सगुणे, कोण पाहुणा आला गं?"

अन् म्हातारी पाण्याचा तांब्या घेऊन निघाली. कुठं चाचपणं नाही की थबकणं नाही. चौकटीशी आली, वाकली, बाहेर आली.

राजा बघतच राहिला. "आजी, तुम्हाला दिसत नाही. मग पाहुणा आला हे कसं कळलं?"

"त्यात काय कळायचंय, बाबा? घरचं माणूस वाकतं. पाहुणा आपटतो."

"दिली साक्ष, महाराज," सगुणा म्हणाली. "शेटच्या कपाळावर आहे, वाचून घ्या."

शेट कण्हत म्हणाला, "अंधार होता, महाराज. पाय घसरला."

"थांब, मी स्वतः बघतो," म्हणत राजा तावातावानं आत निघाला. ठण्ण!

"अगं बाई," म्हातारी म्हणाली, "अजून एक पाहुणा?"

राजा तिथंच उंबऱ्यावर बसला अन् डोक्यावरचा मंदिल गळून पडेपर्यंत हसला. मग निवाडा दिला. खोटी शपथ घेतली म्हणून शेटनं वर्षभर याच ओटीवर बसायचं अन् येईल त्याला "डोकं सांभाळा" म्हणून सांगायचं. सगुणाला साडीचोळी, अन् ती आपणहून सोडेपर्यंत तिला कुणी उठवायचं नाही.

"आणि ही चौकट," राजा कपाळ चोळत म्हणाला, "उद्याच सुतार पाठवून उंच करून देतो."

"नको, महाराज," सगुणा म्हणाली. "तेवढा एकच साक्षीदार आहे हो माझा."

राजा पुन्हा हसायला लागला, पण या खेपेला टेंगूळ धरून.